बेलफास्ट सेल्टिकचा गोलकीपर, जो डब्लिन ब्रिगेडचा सेनानी झाला

प्रश्न असा होता: फुटबॉलच्या सुरुवातीच्या काळात आयर्लंडमध्ये असा एखादा खेळाडू झाला का, की ज्याने खेळ सोडून सैनिकाचं आयुष्य पत्करलं? आणि झाला असेल, तर पुढे त्याचं खेळाशी नातं उरलं की तुटलं?

असे खेळाडू बरेच सापडतात, पण त्यांचे सरळ दोन गट पडतात. पहिला गट ब्रिटिश सैन्यात गेलेल्यांचा. पहिल्या महायुद्धात सुमारे 2 लाख आयरिश माणसं ब्रिटिश लष्करातून लढली, त्यात फुटबॉलवाले असणारच. डेरी शहरातला बार्नी डॉनही हा मँचेस्टर युनायटेडकडून खेळला, आयर्लंडच्या राष्ट्रीय संघातही खेळला, आणि 1 जुलै 1916 रोजी, सॉमच्या लढाईच्या पहिल्याच दिवशी, रॉयल इनिस्किलिंग फ्युझिलिअर्सचा शिपाई म्हणून मारला गेला. दुसरा गट लहान आहे. ज्या साम्राज्याच्या शिपायांकडून हा खेळ आयर्लंडभर पसरला असं लोक म्हणत, त्याच साम्राज्यावर बंदूक रोखणाऱ्यांचा. त्यातलं सगळ्यात मोठं नाव म्हणजे ऑस्कर ट्रेनॉर. जुन्या क्लबांचे कागद आणि पिवळी पडलेली क्रीडापानं चाळण्यात माझं बरंच आयुष्य गेलं आहे, आणि तुमच्या प्रश्नाच्या दुसऱ्या अर्ध्या भागाला ट्रेनॉरइतकं नीट उत्तर देणारा माणूस मला दुसरा माहीत नाही. म्हणून बाकीच्यांना बाजूला ठेवून त्याच्याविषयीच लिहितो.

आधी थोडी जमीन तयार करावी लागेल, नाहीतर पुढच्या गोष्टीतला पेच कळणार नाही. आयर्लंडमध्ये फुटबॉल रुजला तो उत्तरेत, बेलफास्टच्या कारखानदारी भागात. 1878 मध्ये जॉन मॅकलेरी नावाच्या व्यापाऱ्याने दोन स्कॉटिश संघ आणून बेलफास्टला प्रदर्शनी सामना भरवला आणि 18 नोव्हेंबर 1880 रोजी आयरिश फुटबॉल असोसिएशन स्थापन झाली. 18 फेब्रुवारी 1882 चा पहिला आंतरराष्ट्रीय सामना आयर्लंड इंग्लंडकडून 13-0 असा हरला. ते असो. खेळ पसरला मात्र वेगाने, आणि छावण्यांमधून तर फारच वेगाने. 1890 चा आयरिश कप कोणी जिंकला, तर गॉर्डन हायलँडर्स या ब्रिटिश पलटणीने! (हे चित्र आपल्याला अनोळखी नाही. मुंबईत 1891 मध्ये रोव्हर्स कप सुरू झाला तेव्हा पहिला विजेता संघ वूस्टरशायर रेजिमेंटचा होता.) दुसरीकडे 1 नोव्हेंबर 1884 रोजी थर्ल्स गावात गेलिक अ‍ॅथलेटिक असोसिएशन निघाली. तिने हर्लिंग आणि गेलिक फुटबॉल हे अस्सल आयरिश खेळ राष्ट्रीय चळवळीशी जोडले आणि पुढे नियमच केला, की आमचा जो सभासद सॉकर (म्हणजे आपण नुसतं फुटबॉल म्हणतो तो खेळ), रग्बी, क्रिकेट किंवा हॉकी खेळेल, नुसता बघायला जरी गेला, तरी तो बाहेर. ही बंदी 1971 पर्यंत टिकली. सॉकरला तिकडे हिणवून ‘पलटणीचा खेळ’ म्हणत. म्हणजे तुम्ही देशभक्त असाल तर सॉकर तुमचा नाही, आणि सॉकर खेळत असाल तर तुमच्या देशभक्तीबद्दल शंका आहे, असा तो व्यवहार होता.

या वातावरणात 21 मार्च 1886 रोजी डब्लिनच्या अ‍ॅबी स्ट्रीटवर ऑस्कर ट्रेनॉरचा जन्म झाला. वडील पॅट्रिक पुस्तकविक्रेते, विचाराने कडवे राष्ट्रवादी. ते 1899 मध्ये वारले तेव्हा मुलगा जेमतेम 13 वर्षांचा. शाळा ख्रिश्चन ब्रदर्सची. त्यानंतर लाकडावर नक्षीकाम करणाऱ्या कारागिराकडे उमेदवारी आणि मग छापखान्यात खिळे जुळवण्याचं काम. त्या काळचा खेळाडू असाच असे: आठवडाभर हाताला शाई, शनिवारी पायाला चिखल. डब्लिनच्या फ्रँकफर्ट आणि स्ट्रँडव्हिल या छोट्या संघांतून खेळत तो गोलकीपर म्हणून नावारूपाला आला आणि 1910 मध्ये बेलफास्ट सेल्टिककडे गेला.

बेलफास्ट सेल्टिक हा साधा क्लब नव्हता. 1891 मध्ये फॉल्स रोड या कॅथलिक, राष्ट्रवादी वस्तीत ग्लासगोच्या सेल्टिकच्या नमुन्यावर तो निघाला. त्याचे समर्थक सॉकरही खेळत आणि इंग्रजांचं राज्यही नको म्हणत, आणि यात काही विसंगती आहे असं त्यांना कधी वाटलं नाही. ट्रेनॉरची फुटबॉलकडे बघण्याची नजर इथे पक्की झाली असं मला वाटतं. डब्लिनच्या बैठकांमध्ये कोणी त्याला ‘परका खेळ’ वगैरे ऐकवलं असेल, तर त्याच्या डोळ्यांसमोर फॉल्स रोडचे हजारो प्रेक्षक उभे राहत असणार.

गोलकीपर म्हणून त्याचे दिवसही गमतीचे होते. आजच्या पोरांना सांगितलं तर पटत नाही, पण तेव्हा गोलकीपरला आपल्या पूर्ण अर्ध्या मैदानात चेंडू हाताने खेळायची मुभा होती. 1912 मध्ये नियम बदलला आणि हात पेनल्टी क्षेत्रापुरते बांधले गेले. पेनल्टी हीसुद्धा आयरिश देणगी. आर्मा परगण्यातल्या मिलफर्डचा विल्यम मॅक्क्रम हा गिरणीमालक स्वतः गोलकीपर होता, आणि त्याच्याच सूचनेवरून 1891 मध्ये पेनल्टी किक नियमात आली. एका गोलकीपरने बाकी सगळ्या गोलकीपरांच्या मागे हे झेंगट लावून द्यावं, याचं मला नेहमी हसू येतं. खांद्याने धडक मारून चेंडूसकट गोलकीपरला जाळ्यात ढकलणं तर कायदेशीरच होतं. ट्रेनॉर या सगळ्यात टिकला. 1912 मध्ये सेल्टिकचा संघ बोहेमियाच्या दौऱ्यावर गेला, प्रागला खेळला, त्या संघात तो होता. प्राग तेव्हा ऑस्ट्रिया-हंगेरीच्या साम्राज्यात. तिथले चेकही दुसऱ्याच्या राज्यात राहून स्वतःचे क्लब चालवत होते. या दौऱ्यातून तो काय शिकला हे कागदावर कुठे नाही, त्यामुळे त्यावर मी इमला बांधणार नाही.

आता वळण. 26 जुलै 1914 रोजी डब्लिनजवळच्या हाउथ बंदरात आयरिश व्हॉलंटिअर्स या राष्ट्रवादी स्वयंसेवक दलाने भरदिवसा रायफली उतरवून घेतल्या. परतताना चिडलेल्या ब्रिटिश तुकडीने बॅचलर्स वॉक या नदीकाठच्या रस्त्यावर जमावावर गोळीबार केला. तीन माणसं गेली. हा गोळीबार ट्रेनॉरला व्हॉलंटिअर्समध्ये घेऊन गेला. पुढे दिलेल्या जबानीत तो हे फार कोरडेपणाने सांगतो: तोवर आपला संबंध फुटबॉलशी होता, काहीतरी गंभीर घडणार असं दिसलं तेव्हा फुटबॉलशी नातं तोडलं. बस, एवढंच. घालमेल नाही, खेळाला दोष देणं नाही, ‘परक्या खेळातून सुटका झाली’ असा सूर तर मुळीच नाही. हे वाक्य नीट वाचा, कारण त्याच्या पुढच्या 50 वर्षांचा उलगडा त्यात आहे. त्याने खेळ टाकला तो वेळ नव्हता म्हणून. खेळ वाईट आहे असं ठरवून नव्हे.

1916 च्या ईस्टरला डब्लिनमध्ये ब्रिटिश राजवटीविरुद्ध सशस्त्र उठाव झाला, तेव्हा तो 30 वर्षांचा होता. आधी शहराच्या उत्तरेला फेअरव्ह्यू भागात त्याची तुकडी होती, तिथून मंगळवारी ती जनरल पोस्ट ऑफिसकडे, म्हणजे उठावाच्या मुख्य ठाण्याकडे, बोलावली गेली. पोचता पोचता एक विचित्र प्रसंग घडला. त्यांच्याबरोबर खाकी कपड्यातले ब्रिटिश कैदी होते. समोरच्या इम्पीरियल हॉटेलातल्या आपल्याच लोकांना वाटलं, ब्रिटिश चाल करून आले, आणि त्यांनी गोळ्या सुरू केल्या. तेव्हा उठावाचा एक नेता जेम्स कॉनोली स्वतः दोन्ही हात वर करून रस्त्याच्या मध्यभागी धावत आला आणि त्याने गोळीबार थांबवला. याच कॉनोलीने ट्रेनॉरला पोस्ट ऑफिसच्या शेजारच्या चौकातलं मेट्रोपोल हॉटेल धरून ठेवायला पाठवलं. हे हॉटेल ज्या इमारतींच्या रांगेत होतं, तिचं दुसरं टोक अ‍ॅबी स्ट्रीटवर होतं. म्हणजे जिथे तो जन्मला त्याच रस्त्याच्या तोंडाशी त्याने मोर्चा लावला.

मेट्रोपोलमधले ते दिवस त्याने तपशिलात सांगितले आहेत. इमारतींच्या मधल्या भिंतींना भगदाडं पाडून एका दुकानातून दुसऱ्या दुकानात जायची वाट केली, म्हणजे रस्त्यावर पाऊल न टाकता सगळा चौक राखता यावा. समोरची बाजू तोफांच्या माऱ्याने पेटली तेव्हा क्लेरीज या मोठ्या दुकानाच्या अजस्र काचा उष्णतेने वितळून गटारात वाहताना आपण पाहिल्या, असं तो सांगतो. उठावाच्या शेकडो वर्णनांत मला हेच सगळ्यात खरं वाटतं. वीरश्रीची भाषा कुठल्याही भाषणातून उचलता येते. वितळलेली काच सांगायची तर समोर उभं राहून पाहावी लागते.

शुक्रवारी, 28 एप्रिलला, मेट्रोपोलही सोडावं लागलं. (जाता जाता: त्याच तारखेला इकडे बेळगावात लोकमान्य टिळकांची होमरूल लीग स्थापन होत होती, जिचं नावही आयर्लंडकडूनच घेतलेलं. पण डब्लिनमधली ही पोरं तोवर होमरूलच्या मागणीला मागे टाकून पुढे निघून गेली होती.) शनिवारी शरणागती झाली. ट्रेनॉरची रवानगी वेल्समधल्या फ्रोन्गॉखच्या छावणीत. एका बंद पडलेल्या दारूभट्टीत आणि शेजारच्या लाकडी खोपटांत तिथे सुमारे 1800 आयरिश कैदी डांबले होते, पुढे लढ्याचा मोठा नेता झालेला मायकेल कॉलिन्स त्यांतलाच. कैद्यांनी छावणीतल्या मैदानाला डब्लिनमधल्या गेलिक खेळांच्या मुख्य मैदानाचं, क्रोक पार्कचं, नाव देऊन गेलिक फुटबॉलच्या स्पर्धा भरवल्या. सॉकरच्या गोलकीपरने त्या कशा पाहिल्या असतील, याची कल्पनाच करावी.

सुटल्यावर तो पुन्हा व्हॉलंटिअर्सच्या डब्लिन ब्रिगेडच्या कामाला लागला. डब्लिन ब्रिगेडचं प्रमुखपद त्याच्याकडे आलं ते फार वाईट दिवशी. 21 नोव्हेंबर 1920, ‘रक्तरंजित रविवार’. सकाळी कॉलिन्सच्या माणसांनी ब्रिटिश गुप्तहेर अधिकाऱ्यांना त्यांच्या खोल्यांत शिरून गोळ्या घातल्या. दुपारी क्रोक पार्कवर डब्लिन विरुद्ध टिपररी हा गेलिक फुटबॉलचा सामना चालू असताना पोलिस आणि ब्रिटिशांच्या सहायक पोलिस दलाने गोळीबार केला. 14 जण मेले, त्यांत टिपररीचा खेळाडू मायकेल होगन. रात्री डब्लिन किल्ल्यात कोठडीत असलेला ब्रिगेडप्रमुख डिक मॅकी मारला गेला. त्याच्या जागी ट्रेनॉर आला. तिकडे गेलिक फुटबॉल शहीद झाला होता आणि त्याच दिवसामुळे ब्रिगेडची सूत्रं सॉकरवाल्याच्या हातात आली होती. त्या वेळी कोणालाही यात काही खटकलं नाही. खटकणं नंतर सुरू झालं, शांततेच्या काळात, ज्यांना अशा गोष्टी मोजायला सवड होती त्यांना.

सेनानी म्हणून त्याची ओळख एका कामगिरीवर उभी आहे: 25 मे 1921 चा कस्टम हाउसवरचा हल्ला. अमेरिकेहून परतलेल्या डी व्हॅलेराला, म्हणजे स्वातंत्र्यवाद्यांच्या प्रमुख नेत्याला, जगाचं लक्ष वेधेल असं काहीतरी मोठं हवं होतं. पर्याय दोन होते: सहायक दलाचं ठाणं असलेली बेगर्स बुश बराक, किंवा लिफी नदीकाठचं कस्टम हाउस. तिथे स्थानिक कारभाराची आणि करवसुलीची सगळी दप्तरं होती. बराकीचा नाद अंगाशी येईल हे दिसल्यावर कस्टम हाउस ठरलं. ट्रेनॉर स्वतः पाहणीला गेला. ‘ऑन हिज मॅजेस्टीज सर्व्हिस’ छापलेला मोठा लिफाफा हातात धरून तो सरकारी निरोप्यासारखा इमारतभर हिंडला, मजले आणि जिने बघून आला. कोणी हटकलं नाही. सरकारी कचेऱ्यांची जगभर एकच रीत असते, हातात कागद असलेल्या माणसाला कोणी अडवत नाही.

हल्ला दुपारी एकच्या सुमारास झाला. शंभराहून अधिक स्वयंसेवक पेट्रोलचे डबे घेऊन आत शिरले. टॉम एनिस आतला म्होरक्या. कर्मचाऱ्यांना एका बाजूला गोळा केलं, दप्तरांवर पेट्रोल ओतलं. काम पुरं होऊन बाहेर पडायच्या आत सहायक दलाच्या लॉऱ्या येऊन थडकल्या. स्वयंसेवकांकडे पिस्तुलं आणि प्रत्येकी मोजक्या गोळ्या. ट्रेनॉर बाहेर होता आणि जवळजवळ मारलाच गेला होता. डॅन हेड नावाच्या तरुणाने लॉरीवर बाँब फेकला, त्या गोंधळात तो निसटला. हेड वाचला नाही. एकूण पाच स्वयंसेवक पडले, त्यांत ओ’रायली आडनावाचे दोन सख्खे भाऊ. काही नागरिकही मेले. सुमारे 100 जण पकडले गेले. इमारत कित्येक दिवस जळत राहिली.

हा हल्ला यशस्वी की फसलेला, यावर आयर्लंडमध्ये अजून वाद झडतो. माझं मत विचाराल तर ब्रिगेडच्या हिशेबात तो तोटाच होता. एवढी कसलेली माणसं एका दुपारी गमावणं कुठल्याही शहरी लढ्याला परवडत नाही. पण सरकारची वही जळाली होती, आणि जगभरच्या वर्तमानपत्रांत घुमट जळतानाची छायाचित्रं आली होती. 11 जुलैला युद्धबंदी झाली. ती एका हल्ल्याने झाली असं म्हणणं बालिश ठरेल, मात्र या आगीचा तिच्याशी काही संबंध नव्हता असंही मी म्हणणार नाही.

त्याच वर्षी फुटबॉलची फाळणी झाली. डब्लिनच्या क्लबांना बेलफास्टचा कारभार आधीपासून खुपत होताच. 1921 च्या आयरिश कपच्या उपांत्य फेरीत शेलबोर्न आणि ग्लेनाव्हन यांची लढत बेलफास्टला बरोबरीत सुटली. फेरसामना रीतीप्रमाणे डब्लिनला व्हायचा, तोही असोसिएशनने बेलफास्टलाच ठेवला. शेलबोर्नने जायला नकार दिला. सप्टेंबर 1921 मध्ये डब्लिनवाल्यांनी आपली वेगळी संघटना काढली, आजची फुटबॉल असोसिएशन ऑफ आयर्लंड. ट्रेनॉरचा तेव्हा यात काही हात नव्हता. त्याच्यापुढे वेगळीच फाळणी वाढून ठेवली होती.

डिसेंबर 1921 चा ब्रिटनशी झालेला करार त्याला मान्य नव्हता. त्या करारावरून आयरिश स्वातंत्र्यवाद्यांतच फूट पडली. 28 जून 1922 रोजी नव्या सरकारच्या फौजांनी करारविरोधकांनी धरून ठेवलेल्या फोर कोर्ट्स या न्यायालयांच्या इमारतीवर तोफा डागल्या, तेव्हा करारविरोधी डब्लिन ब्रिगेडचा प्रमुख तोच होता. आतल्यांची सुटका होत नाही हे दिसल्यावर, बाहेरचा वरिष्ठ अधिकारी म्हणून त्याने त्यांना शरण जाण्याचा हुकूम पाठवला. ओ’कॉनेल स्ट्रीटवरच्या हॉटेलांच्या रांगेत त्याची माणसं आठवडाभर लढली. डी व्हॅलेरा तिथे साधा शिपाई म्हणून हजर झाला होता, आणि करारविरोधी नेता काहल ब्रुआ तिथेच जखमी होऊन दोन दिवसांनी वारला. जुलैअखेर ट्रेनॉर पकडला गेला आणि यादवी संपेपर्यंत तुरुंगात राहिला. या भागावर मी जास्त लिहीत नाही. भावाभावांतलं युद्ध त्या लोकांनीही कमीत कमी शब्दांत सांगितलं आहे.

राजकारणातला प्रवास भराभर सांगतो. 1925 मध्ये शिन फेन या राष्ट्रवादी पक्षातर्फे पोटनिवडणूक जिंकला. 1932 पासून डी व्हॅलेराच्या फियाना फॉल पक्षाचा खासदार, 1936 मध्ये पोस्ट आणि तार खात्याचा मंत्री, आणि सप्टेंबर 1939 मध्ये, युरोपात महायुद्ध पेटत असताना, संरक्षणमंत्री. ज्या सैन्याने त्याला 1922 मध्ये पकडलं होतं त्याच सैन्याचा तो आता मंत्री. युद्धकाळात आयर्लंड तटस्थ राहिलं, पण फौज काही हजारांवरून सुमारे 40 हजारांवर नेली गेली. स्थानिक संरक्षण दलात तर एकेकाळी एकमेकांवर गोळ्या झाडलेले लोक एकाच रांगेत कवायत करू लागले. 1957 मध्ये तो न्यायमंत्री होता आणि सरकारने उत्तर आयर्लंडच्या सीमेवर हल्ले करणाऱ्या आयआरए (आयरिश रिपब्लिकन आर्मी) या सशस्त्र संघटनेच्या तरुणांना खटल्याविना नजरकैदेत टाकलं. फ्रोन्गॉखच्या जुन्या कैद्याला हे करताना काय वाटलं असेल? त्याने त्याचा जाहीर खुलासा दिला असता तर मला तो वाचायला आवडला असता.

आता तुमच्या प्रश्नाचा दुसरा भाग, म्हणजे खेळाचं काय झालं. नवं राष्ट्र उभं राहिल्यावर सॉकरवाल्यांना पुन्हा तीच बोलणी ऐकावी लागू लागली. तेव्हा, 1920 च्या दशकाच्या अखेरीला, ट्रेनॉरने लेखणी उचलली. त्याचं म्हणणं दुहेरी होतं. एक, हा खेळ इंग्रजांचा नाही, त्याची मुळं स्कॉटलंडच्या डोंगरी मुलखात आहेत, म्हणजे तो केल्टिक आहे. इतिहास म्हणून हा दावा फार टिकत नाही. दुसरा मुद्दा मात्र कोणी खोडू शकलं नाही: उठावात आणि ब्रिगेडमध्ये सॉकर खेळणारी भरपूर माणसं होती आणि ती बाकीच्यांइतकीच लढली. हे दुसऱ्या कोणी सांगितलं असतं तर हसण्यावारी गेलं असतं. पण मेट्रोपोल राखणारा आणि कस्टम हाउस पेटवणारा माणूस बोलत असेल, तर त्याला ‘पलटणीचा खेळाडू’ कोण म्हणणार? खेळ सोडून तो सैनिक झाला, आणि सैनिक झाला म्हणूनच खेळाच्या कामाला आला.

1938 चा प्रसंग बघा. 13 नोव्हेंबरला डब्लिनच्या डेलीमाउंट पार्कवर आयर्लंड-पोलंड सामना होता, आयर्लंडने 3-2 असा जिंकला. नवे राष्ट्राध्यक्ष डग्लस हाइड तो बघायला गेले. हाइड म्हणजे आयरिश भाषेच्या पुनरुज्जीवनाचे भीष्म पितामह, आणि गेलिक अ‍ॅथलेटिक असोसिएशनचे आश्रयदाते. एक सॉकर सामना बघितला म्हणून असोसिएशनने त्यांना आश्रयदातेपदावरून काढून टाकलं! मंत्री ट्रेनॉरही सामन्याला होता, डी व्हॅलेराही होता. त्यांना काढण्यासारखं असोसिएशनच्या हाती काही नव्हतं.

1948 मध्ये तो फुटबॉल असोसिएशनचा अध्यक्ष झाला आणि मरेपर्यंत राहिला. पुढच्याच वर्षी, 21 सप्टेंबर 1949 रोजी, आयर्लंडने इंग्लंडला त्यांच्याच गुडिसन पार्कवर 2-0 हरवलं. ब्रिटिश बेटांच्या चार जुन्या संघांखेरीज इतर कोणाकडून इंग्लंड स्वतःच्या घरी हरण्याची ती पहिली वेळ. त्याच 1949 मध्ये त्याचा जुना क्लब बेलफास्ट सेल्टिक लीगमधून कायमचा बाहेर पडला. आदल्या डिसेंबरात विंडसर पार्कवर लिनफिल्डविरुद्धच्या सामन्यानंतर प्रेक्षक मैदानात घुसले आणि सेल्टिकचा सेंटर फॉरवर्ड जिमी जोन्स याचा पाय मोडेपर्यंत त्यांनी त्याला तुडवलं.

पण अध्यक्ष म्हणून त्याची खरी कसोटी 1955 मध्ये लागली. 19 ऑक्टोबरला डेलीमाउंटवर युगोस्लाव्हियाविरुद्ध सामना ठरला. तिथल्या कम्युनिस्ट राजवटीने कॅथलिक धर्मगुरू कार्डिनल स्टेपिनात्स यांना शिक्षा ठोठावली होती, म्हणून डब्लिनचे आर्चबिशप जॉन चार्ल्स मॅक्वेड यांनी सामना रद्द करा असं कळवलं. त्या काळच्या आयर्लंडमध्ये आर्चबिशपचा शब्द मोडणं म्हणजे काय, हे आज तिथल्या लोकांनाही समजावून सांगावं लागतं. 1952 मध्ये याच कारणाने असोसिएशनने माघार घेतली होती. या वेळी घेतली नाही. राष्ट्राध्यक्ष आले नाहीत, लष्कराचा बँड आला नाही, रेडिओवरचा नेहमीचा समालोचक बाजूला झाला, संघाच्या प्रशिक्षकानेही अंग काढून घेतलं. लोक मात्र आले, 20 हजारांहून अधिक. आणि संघांशी हस्तांदोलन करायला ट्रेनॉर मैदानात उतरला तेव्हा त्यांनी टाळ्यांचा कडकडाट केला. आयर्लंड 4-1 हरलं; मिलुटिनोविचने तीन गोल केले.

इथेही त्याचा भूतकाळ कामी आला. दुसरा कोणी असता तर ‘धर्मद्रोही’, ‘कम्युनिस्टांचा हस्तक’ असा शिक्का बसायला वेळ लागला नसता. धर्मनिष्ठ कॅथलिक, 1916 चा सैनिक, माजी संरक्षणमंत्री अशा माणसावर तो चिकटत नव्हता. तो तेव्हा सत्तेत नव्हता हेही लक्षात घ्यायला हवं. मंत्रिपदावर असता तर मैदानात उतरला असता का, याबद्दल मला शंका आहे.

14 डिसेंबर 1963 रोजी तो डब्लिनमध्ये वारला. आयर्लंडमधल्या हौशी लीगच्या निवड संघांची एक स्पर्धा आजही त्याच्या नावाने खेळली जाते आणि उत्तर डब्लिनच्या कूलॉक भागात त्याच्या नावाचा रस्ता आहे.

पुढे वाचायचं असेल तर सुरुवात त्याच्या जबानीपासून करा. तिच्यामागेही एक गोष्ट आहे. जानेवारी 1947 मध्ये संरक्षणमंत्री असताना त्यानेच ब्युरो ऑफ मिलिटरी हिस्टरी ही संस्था सुरू केली. 1913 ते 1921 च्या लढ्यातल्या हयात माणसांचं सांगणं नोंदवून घेणं हे तिचं काम. पुढच्या दहा वर्षांत 1773 जबान्या गोळा झाल्या आणि शेवटचा साक्षीदार जाईपर्यंत त्या कुलूपबंद राहिल्या. 2003 मध्ये सगळ्यांसाठी खुल्या झाल्या. आता इंटरनेटवर फुकट वाचता येतात. ट्रेनॉरची जबानी त्यांतलीच. वाचताना दोन पथ्यं पाळा. या जबान्या घटनेनंतर 30-35 वर्षांनी दिलेल्या आहेत, त्यामुळे वेळा आणि आकडे दुसऱ्या जबानीशी ताडून बघितल्याशिवाय उचलू नका. आणि कस्टम हाउसचा भाग त्याच्याकडून वाचलात की लगेच आत अडकलेल्या एखाद्या साध्या स्वयंसेवकाकडूनही वाचा. सेनानीला रस्त्यावरून दिसलेला हल्ला आणि पेट्रोलच्या धुरात जिना शोधणाऱ्या पोराला दिसलेला हल्ला यांत बरंच अंतर आहे.